रेघोट्या मारून पोट भरतं का?

आज दादाकडे जेवायला गेले होते. भाच्याची चित्रांची वही दादाने सोफ्यावर भिरकावली आणि सगळ्यांदेखत म्हणाला, "रेघोट्या मारून पोट भरतं का रे?" पोरगा मान खाली घालून वरणभात कालवत बसला. मीही गप्प बसले, त्याचाच जास्त राग येतोय.

२०१४ साली ह्यांच्या कामामुळे आठ दिवस इथिओपियात, आदिस अबाबाला होतो. तिथल्या आफ्रिका हॉलमध्ये तिथलेच चित्रकार अफेवर्क तेक्ले यांची रंगीत काचांची खिडकी आहे. खिडकी कसली, भिंतच! दीडशे चौरस मीटर. आफ्रिकेचा काल, आज आणि उद्या. ऊन आत आलं होतं आणि माझ्या पांढऱ्या ओढणीवर लाल-निळे तुकडे पडले होते. मी वेड्यासारखी ओढणी हलवून बघत होते.

आणि दादा, ऐक. हा माणूस १९४७ साली इंग्लंडला गेला तो खाणकामाचं इंजिनीअरिंग शिकायला! जन्म १९३२चा, लहानपणी देशावर इटलीचा कब्जा. देश उभारायला इंजिनीअर हवेत हे त्यालाही कळत होतं. पण तिथल्या शिक्षकांनी पोराचा हात ओळखला. ओळखला, भिरकावला नाही! मग लंडनचं सेंट्रल स्कूल, मग स्लेड, दोन्ही कलेच्याच शाळा. १९५४ला आदिस अबाबात पहिलं प्रदर्शन, त्या पैशांतून युरोपभर फिरून काचेचं काम शिकला, आणि १९६१ला ही खिडकी. मे १९६३ मध्ये त्याच हॉलमध्ये आफ्रिकी देशांची आफ्रिकी एकता संघटना जन्माला आली. खाणीतून काय काढणार होता यापेक्षा?

हो, सम्राट हैले सेलासींचा हात डोक्यावर होता, तो सगळ्यांच्या नसतो. मान्य. गृहस्थ साधाही नव्हता, नावामागे हातभर बिरुदं लावायचा. लावू दे की! ती ओढणी बघितली असतीत तर तुम्हीही लावू दिली असतीत.

दादा वाईट नाही हो. इंटरमिजिएटला त्याला 'ए' ग्रेड होती. ते सर्टिफिकेट आईच्या ट्रंकेत अजून आहे. त्याच्या हातातला ब्रश कोणी काढून घेतला, ते घरात सगळ्यांना माहीत आहे. बोलत कोणी नाही.

निघताना जिन्यात भाच्याला खिडकीची गोष्ट सांगितली. आत्ता त्याचा मेसेज आला, "आत्या, ती ओढणी आहे का अजून?"

आहे रे. हळदीचा डाग पडलाय. रविवारी ये, वही घेऊन.