पेल्यातला बर्फ आणि नव्वद कोयना

शनिवारी पहाटे साडेपाचला मामांचा मेसेज आला. मामांची तासगावजवळ द्राक्षबाग आहे. औषधाची टाकी भरेपर्यंत ते मोबाईल बघत बसतात, आणि सगळा घोळ त्या दहा मिनिटांत होतो. 'ग्लोबल वॉर्मिंगचा फुगा फुटला!!' असा मथळा, खाली पाच मुद्दे आणि शेवटी मामांची स्वतःची एक ओळ : "बघ, उगंच घाबरवत होतीस." दुपारपर्यंत तोच मजकूर भावकीच्या ग्रुपवर तीनदा येऊन गेला. प्रत्येकाला वेगळं उत्तर देण्याचा मला कंटाळा आलाय, म्हणून हे एकदाच लिहिते.

सगळे भुलले ते पहिल्या मुद्द्याला. 'पेल्यातला बर्फ वितळला म्हणून पाणी सांडतं का? मग ध्रुवावरचा बर्फ वितळून समुद्र कसा वाढेल? शाळेतलं विज्ञान आहे!'

शाळेतलंच आहे, पण तास अर्धवट सोडून उठून गेलेल्या पोराचं. उत्तर ध्रुवावर जमीन नाही, समुद्र आहे. तिथला बर्फ तरंगतो, आणि तो वितळल्याने पातळी जवळजवळ बदलत नाही, हे खरं. ग्रीनलँड आणि अंटार्क्टिकाचा बर्फ मात्र जमिनीवर बसलाय, काही ठिकाणी तीन किलोमीटरहून जाड. तो पेल्यात नाहीच, पेल्याच्या वर आहे. रविवारी तासगावला गेले तेव्हा मामांसमोर दोन पेले ठेवले. एकात बर्फ टाकून काठोकाठ पाणी भरलं. दुसराही काठोकाठ भरला, पण बर्फ वर चहाच्या गाळणीत ठेवला. वीसेक मिनिटांनी गाळणीखालचा पेला वाहू लागला, पहिला तसाच. मामी म्हणाली, "विज्ञान झालं असंल तर टेबल पुसा." मामांनी पुसलं, आणि विचारलं, "पर तिथं बर्फ असतोय तरी किती?" एकट्या ग्रीनलँडचा सगळा वितळला तर जगभरचा समुद्र सात मीटरहून जास्त चढेल. त्याला शेकडो, कदाचित हजारो वर्षं लागतील हेही सांगून ठेवते, नाहीतर उद्या उलटा फॉरवर्ड निघायचा.

दुसरा मुद्दा : 'खुद्द नासा म्हणते, अंटार्क्टिकात बर्फ वाढतोय.' इथे थोडं नमतं घ्यावं लागतं. 2015 साली नासाच्या शास्त्रज्ञांचा तसा एक अभ्यास खरंच आला होता. पण त्यातली मोजणी 2008 पर्यंतचीच होती, बर्फाची उंची मोजून केलेली, आणि इतर तज्ज्ञांना ती पटली नाही. त्याच नासाने जर्मनांसोबत 2002 मध्ये ग्रेस नावाचे दोन उपग्रह सोडले होते, त्याबद्दल फॉरवर्डमध्ये अक्षर नाही. हे दोन्ही एकामागे एक, सुमारे 220 किलोमीटर अंतर ठेवून फिरायचे. खाली वस्तुमान जास्त असलं की पुढचा किंचित ओढला जातो, अंतर बदलतं, आणि त्यावरून बर्फाचं वजन निघतं. 2018 पासून हेच काम नवी जोडी करते. मामा, कारखान्याच्या वजनकाट्यावर तुमचा विश्वास नाही, पण या काट्यात मापाडी नाही! तो सांगतो : ग्रीनलँडवरून वर्षाला सरासरी 27,000 कोटी टन बर्फ जातोय. आपलं कोयना धरण 105 टीएमसीचं, म्हणजे सुमारे 300 कोटी टन पाण्याचं. दरवर्षी नव्वद भरलेल्या कोयना समुद्रात. अंटार्क्टिकाच्या पंचेचाळीस-पन्नास वेगळ्या.

तिसरा : '2013 ला उत्तर ध्रुवावरचा बर्फ संपणार होता, संपला का?' नाही संपला. काहींनी तसं भाकीत केलं होतं, पुढाऱ्यांनी ते मिरवलं, आणि ते साफ चुकलं. पण 'आज 2012 पेक्षा बर्फ जास्त आहे' ही लबाडी आहे. 2012 चा सप्टेंबर हा नीचांक होता, 34 लाख चौरस किलोमीटर; ऐंशीच्या दशकात हाच आकडा 70 लाखांच्या आसपास असायचा. बहात्तरच्या दुष्काळाशी तुलना केली तर आटपाडीतही दरवर्षी चांगलाच पाऊस पडतो.

चौथा : ध्रुवावरची पांढरी अस्वलं वाढली म्हणे. काही भागांत वाढली, कारण 1973 च्या करारानंतर बेसुमार शिकारीला आळा बसला. पुढे.

शेवटचा मुद्दा सगळ्यात घातक. 'देशावरच्या शेतकऱ्याला ध्रुवाचं काय?' सांगली समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटर उंच, इथे समुद्र येणार नाही, मान्य. 2019 ला आयर्विन पुलाखाली पाणी 57 फुटांवर गेलं तेही ध्रुवामुळे, असं मी म्हणणार नाही. पूररेषेतली बांधकामं आणि धरणांचे विसर्ग यांचा वाद आपला आपल्याला पुरे आहे. पण सातारा-सांगलीची निम्मी घरं मुंबईवर चालतात. मामांचा थोरला नवी मुंबईत घणसोलीला राहतो, खाडीच्या अंगाला. आणि गोव्याच्या राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्रातल्या शास्त्रज्ञांनी 2021 मध्ये मांडलंय, की आर्क्टिकच्या कारा समुद्रातला उन्हाळी बर्फ घटण्याचा मध्य भारतातल्या सप्टेंबरच्या अतिवृष्टीशी संबंध असू शकतो. 'शकतो' एवढंच, आणि मध्य भारत म्हणजे तासगाव नव्हे. तरी सप्टेंबर-ऑक्टोबरचा पाऊस म्हणजे द्राक्षाची छाटणी आणि त्यावर डाऊनी रोग, हे मामांना मी सांगायला नको.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग यंदा छाटणी मागं ढकलू व्हय?" त्यावरून आमचं अजून वाजतंय.