'आपण नवीनतम आवृत्तीवर आहात' म्हणे!

राउटरच्या सेटिंग्जच्या पानावर फर्मवेअरसाठी (म्हणजे राउटर चालवणाऱ्या आतल्या सॉफ्टवेअरसाठी) 'अपडेट तपासा' दाबा, उत्तर ठरलेलं: सगळं नवीनतम आहे. आणि कंपनीच्या साइटवर त्याच मॉडेलच्या फर्मवेअरची नवी फाइल केव्हाची पडलेली! मग ते बटण काय शोभेला ठेवलंय?

बरं, हातानं करावं तर आधी डबा उलटा करून स्टिकरवरचं मुंगीएवढं अक्षर वाचा. मॉडेल तेच, पण हार्डवेअरची आवृत्ती व्ही १ की व्ही २? चुकीची फाइल चढली की खेळ खलास. नशीब चांगलं असेल तर राउटरच ती नाकारतो. झिप उघडून आतली '.bin' नावाची फाइल द्यायची, हे ठळक कुठे लिहिलेलं नसतंच. लॅन केबल लावूनच करा, वायफाय मध्येच तुटलं की अपलोड गेलं. आणि आकडा ९९ टक्क्यांवर अडकला म्हणून प्लग उपटू नका हो! तेव्हा फ्लॅश मेमरीतलं जुनं पुसून नवं लिहिणं चालू असतं.

एवढं करून कधीकधी सेटिंग्जच साफ. पीपीपीओईचं (इंटरनेट कंपनीकडे लॉगिन करायच्या पद्धतीचं) युजरनेम, पासवर्ड आणि व्हीलॅन आयडी (कंपनीनं जोडणीला दिलेला नेटवर्कचा क्रमांक) आधी कागदावर उतरवला नसेल, तर बसा कस्टमर केअरचं संगीत ऐकत. बॅकअप घेतलाय? नव्या आवृत्तीला तो चालेलच असं नाही.

डबा इंटरनेट कंपनीनंच दिलेला असेल तर बऱ्याचदा अपलोडचा पर्यायच लपवलेला. अपडेट त्यांच्या मर्जीनं, टीआर-०६९ वरून (कंपनीनं दुरूनच राउटर हाताळायच्या पद्धतीनं) येणार, तेही ऐन मीटिंगमध्ये रीबूट मारून.