‘विचारायला काय झालं होतं?’ : एस. पी. यांना उत्तर

मागच्या लेखात मी ‘पीटी’ या दोन अक्षरांबद्दल लिहिलं होतं. शाळेत ती कवायत, पगाराच्या स्लिपवर व्यवसाय कर, वीज उपकेंद्रात पोटेन्शियल ट्रान्सफॉर्मर आणि पॅथॉलॉजी लॅबमध्ये प्रोथ्रॉम्बिन टाइम, म्हणजे रक्त गोठायला लागणारा वेळ. शेवटी आईच्या आजारपणातला एक प्रसंग होता. त्यावर ‘एस. पी.’ एवढीच सही करणाऱ्या वाचकांची प्रतिक्रिया आली. सगळ्यांना कळावी म्हणून ती आधी जशीच्या तशी देतो:

“लेख लांबला आहे. लघुरूपाचा अर्थ संदर्भावरून कळतो, एवढा बाऊ कशाला? ओसीचा परिच्छेद भरताड. व्यवसाय कर वर्षाला २४०० नसतो. पीटी आणि आयएनआर एकच असल्यासारखं लिहिलंय, तेही चूक. पी. टी. उषा तेवढी राहिली. आणि डिस्चार्ज कार्डावरचं ‘पीटी’ कळलं नाही, तर विचारायला काय झालं होतं? ती चूक घरच्यांची, लघुरूपाची नाही. निवृत्त माणसांना वेळ असतो, वाचकांना नसतो.”

दोन दिवस मी गप्प बसलो. बायको म्हणाली, सोडून द्या. सोडवेना.

पहिल्यांदा सहीबद्दल. एस. पी. म्हणजे कोण? पोलीस अधीक्षक, की पुण्यातलं टिळक रोडवरचं कॉलेज? आपण बाई आहात की पुरुष, तीस वर्षांच्या की सत्तरीच्या, हेही मला कळायला मार्ग नाही, म्हणून ‘आपण’ म्हणतो. लघुरूपाचा अर्थ संदर्भावरून कळतो हे सांगणाऱ्या माणसाने स्वतःचं नाव लघुरूपात लिहावं आणि संदर्भ काहीच देऊ नये, याची गंमत वाटली.

जे बरोबर आहे ते मान्य करतो, त्यात मला कमीपणा नाही. व्यवसाय कर २४०० नाही, २५०० आहे. महाराष्ट्रात दर महिन्याला २०० कापतात आणि फेब्रुवारीत ३००, म्हणजे अकरा गुणिले दोनशे अधिक तीनशे. राज्यघटनेच्या २७६व्या कलमात या कराची वार्षिक मर्यादाच अडीच हजार आहे, म्हणून फेब्रुवारीत तो शंभराचा हिशेब पुरा करतात. इतकी वर्षं दर फेब्रुवारीत स्लिपवर ३०० बघूनही बाराने गुणून मोकळा झालो. चूक माझी.

ओसीचं मात्र भरताड नव्हतं. आपण घोडबंदर रोडला किंवा घणसोलीत फ्लॅट शोधला असता तर असं म्हणाला नसता. तिथे ‘ओसी आहे का?’ म्हणजे भोगवटा प्रमाणपत्र, सरकारी पत्राच्या कोपऱ्यात ‘ओसी’ म्हणजे ऑफिस कॉपी आणि आमच्या कंट्रोल रूममध्ये ‘ओसीवर गेला’ म्हणजे ओव्हरकरंट रिलेने फीडर पाडला, जादा करंट आला म्हणून लाइन आपोआप बंद केली. असो.

पी. टी. उषा आपण चेष्टेत घातलीत, पण घातलीत ते बरं केलंत. तिथे ‘पीटी’ म्हणजे पिलावुळ्ळकंडी तेक्केपरंबिल, हे किती जणांना माहीत आहे? शाळेत आम्हाला ती पी. टी. म्हणजे कवायतीचीच वाटायची, पळणाऱ्या बाईचं नाव अजून दुसरं काय असणार! १९८४ला लॉस एंजेलिसमध्ये चारशे मीटर अडथळ्यांच्या शर्यतीत तिचं कांस्य सेकंदाच्या शंभराव्या भागाने गेलं. हे लेखात घालायला हवं होतं, हे प्रामाणिकपणे सांगतो.

पीटी आणि आयएनआर एक नाहीत, हे मलाही ठाऊक आहे. तीन वर्षं दर पंधरवड्याला तो कागद हातात घेणाऱ्याला हे सांगायची गरज नव्हती. निळ्या झाकणाच्या नळीत सोडियम सायट्रेट असतं, त्यामुळे रक्त नळीत गोठत नाही. मग लॅबमध्ये त्याच्या प्लाझ्मात थ्रॉम्बोप्लास्टिन (रक्त गोठवणारा पदार्थ) आणि कॅल्शियम घालून ते किती सेकंदांत गोठतं ते मोजतात. ते सेकंद म्हणजे पीटी. आर्मंड क्विक यांनी १९३५मध्ये ही पद्धत मांडली. पण प्रत्येक लॅबचं थ्रॉम्बोप्लास्टिन वेगळं, त्यामुळे एकाच माणसाचे सेकंद दोन ठिकाणी वेगळे यायचे. म्हणून १९८३मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने आयएनआर (इंटरनॅशनल नॉर्मलाइज्ड रेशो) आणला. रुग्णाचे सेकंद भागिले निरोगी माणसांची सरासरी, आणि त्या उत्तराला आयएसआयचा, म्हणजे त्या थ्रॉम्बोप्लास्टिनच्या संवेदनशीलतेच्या आकड्याचा, घात. छत्तीस भागिले बारा म्हणजे तीन. आयएसआय एक असेल तर आयएनआर ३, आणि १.२ असेल तर ३.७. (हा आयएसआय म्हणजे प्रेशर कुकरवरचा शिक्का नव्हे, कोलकात्याची सांख्यिकी संस्था नव्हे आणि सीमेपलीकडचं ते खातं तर नव्हेच. आता याचाही बाऊ केला म्हणाल.) आयएनआर म्हणजे रुपये समजणारा माणूस असतो का, अशी शंका खालच्या प्रतिक्रियांत आणखी कोणी काढली आहे. माझा पुतण्या महापेला एका निर्यात कंपनीच्या हिशेबात बसतो, दिवसभर आयएनआर आणि यूएसडी. आईचा रिपोर्ट व्हॉट्सअॅपवर गेला तेव्हा त्याचा पहिला प्रश्न होता, “काका, सहा रुपये ऐंशी पैसे कसले?”

आता मुख्य वाक्यावर येतो. ‘विचारायला काय झालं होतं?’

हे वाक्य ज्या सुरात लिहिलंय तो सूर मी ओळखतो. खिडकीच्या आत बसलेल्या माणसाचा सूर आहे तो. मुद्दा मांडायला हरकत नव्हती. ‘घरच्यांनी खात्री करून घ्यायला हवी होती’ असंही लिहिता आलं असतं. पण आपल्याला माझ्या एक्याऐंशी वर्षांच्या आईच्या आजारपणावर ‘काय झालं होतं’ असं लिहावंसं वाटलं. ठीक आहे. काय झालं होतं ते सांगतो.

आधी हे सांगतो की मी न विचारणारा माणूस नाही. तेहेतीस वर्षं उपकेंद्रांत काढली, त्यातली बरीच कळव्याच्या बाजूला. यार्डात सीटी (करंट ट्रान्सफॉर्मर) आणि पीटी शेजारी शेजारी उभे असतात, नव्या पोराला दोन्ही सारखेच वाटतात. सीटी लाइनमधला करंट कमी करून मीटरला देतो, पीटी व्होल्टेज. दोन लाख वीस हजार व्होल्टच्या बसबारवर पीटीच्या दुसऱ्या बाजूला एकशेदहा व्होल्ट येतात, दोन हजाराला एक. पण वागणूक अगदी उलटी. चालू लाइनवर सीटीची सेकंडरी, म्हणजे मीटरकडची बाजू, कधी उघडी ठेवायची नाही. ठेवली तर टोकांवर इतकं व्होल्टेज चढतं की इन्सुलेशन फुटतं, समोरचा माणूस जातो. आणि पीटीची सेकंडरी कधी शॉर्ट करायची नाही. केली तर फ्यूज उडाला तर नशीब, नाहीतर वाइंडिंग जळतं. म्हणजे सीटीच्या टर्मिनलवर काम करताना जे करणं सक्तीचं, तेच पीटीवर केलं की घात. एका अक्षराचा फरक. मी प्रत्येक नव्या मुलाला पॅनेलसमोर उभं करून वायरच्या टोकावरचा फेरूल नंबर मोठ्याने वाचायला लावायचो. ड्रॉइंगशी जुळला तरी पुन्हा वाचायला लावायचो. ‘साहेब, कळलं’ म्हणाला की सांगायचो, कळलं असेल तर वाचून दाखव. पोरं पाठीमागे मला ‘वाचक साहेब’ म्हणायची. तर विचारण्याबद्दल मला शिकवू नका.

आई बाथरूममध्ये पडली, खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं. तिच्या हृदयाचे ठोके आधीपासून अनियमित, त्यामुळे रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून गोळी होती, ती ऑपरेशननंतर पुन्हा सुरू केली. डिस्चार्ज कार्डावर गोळ्यांच्या यादीखाली एक ओळ होती: ‘पीटी, आठवड्यातून दोनदा’. मोठ्या अक्षरात, सुवाच्य. डॉक्टरांचं अक्षर कळलं नाही, असंही म्हणायची सोय नाही.

आता आपला संदर्भ घ्या, एस. पी. हाड मोडलेली म्हातारी. घरी रोज सकाळी येणारा फिजिओथेरपिस्ट. पहिल्याच दिवशी त्याने कार्ड दिलं होतं, ते आईच्या उशाशी पाण्याच्या तांब्याला टेकून ठेवलं होतं. त्यावर त्याच्या नावापुढे कंसात काय लिहिलं होतं? ‘पीटी’. हे लोक पदवीसारखं तसं लिहितात. मग ‘पीटी, आठवड्यातून दोनदा’ याचा अर्थ आपण काय लावला असता? रोज येतोय, आता दोनदा आला तरी चालेल. मी त्याला फोन करून तसं सांगितलं.

विचारतो तो, ज्याला कळलेलं नसतं. मला कळलं होतं. कार्डात काही अडलं असतं तर मी विचारलंच असतं. संदर्भ नसता तरी विचारलं असतं. संदर्भ होता, चांगला डोळ्यासमोर होता, तांब्याला टेकलेला, म्हणूनच विचारलं नाही. ‘संदर्भावरून कळतं’ असं आपण म्हणता तेव्हा आपल्या डोळ्यासमोर एक खातं, एक टेबल, एक माणूस असतो. उपकेंद्रात कोणाला पीटी म्हणजे रक्ताची तपासणी वाटणार नाही, कबूल. पण त्या खाटेवर दोन खाती एकाच वेळी बसली होती, हाडांचं आणि रक्ताचं, आणि दोघांचीही ‘पीटी’ रास्त होती. ज्याने लिहिलं त्याच्यापुढे रक्ताच्या गोळीची ओळ होती. वाचणाऱ्यापुढे वॉकर होता. दोघांनाही शंका आली नाही.

तीन आठवडे रक्त तपासलं गेलं नाही. मग एका सकाळी आईने चूळ भरली आणि बेसिनमध्ये लाल दिसलं. तिला वाटलं कवळी लागली. दुपारी बीपी बघायला दंडाला पट्टा बांधला तर काढल्यावर तिथे जांभळं कडं उमटलं, जांभूळ चुरडल्यासारखं. संध्याकाळी रिपोर्ट आला, आयएनआर ६.८. दोन ते तीनच्या मध्ये हवा होता. रात्रीच भरती केलं, गोळी बंद केली, व्हिटॅमिन के दिलं. आई वाचली. आज ती वॉकर घेऊन गॅलरीपर्यंत जाते आणि खालच्या भाजीवाल्याशी भांडते. अळूचं फदफदं मात्र मोजून मिळतं. पालेभाजीतल्या के जीवनसत्त्वाने गोळीचा जोर उतरतो, म्हणून दर आठवड्याला सारखंच हवं, एकदम पातेलंभर नाही. त्यावरून माझ्याशीही भांडते.

मागच्या लेखात एक गोष्ट मी लिहिली नव्हती. आपण एवढं खोदलंतच, तर तीही घ्या. व्यायाम करताना आई रडायची. रोज सकाळी बेल वाजली की चादर डोक्यावर ओढायची. एका भेटीचे सहाशे रुपयेही होते. ‘दोनदा’ वाचलं तेव्हा मला बरं वाटलं होतं. मी आईला सांगितलं, उद्या तो येणार नाही. तेव्हा तिने माझा हात धरून ठेवला होता. अशा वेळी कोण फोन करून खात्री करतं, की बाबांनो, खरंच दोनदाच ना? कार्डाच्या तळाशी वॉर्डचा नंबर छापलेला होता. होता, मी नाही म्हणत नाही.

पण म्हणून लिहिणाऱ्याची जबाबदारी संपते का? ‘रक्ताची पीटी तपासणी’ लिहायला दोन शब्द जास्त लागले असते. उपकेंद्रात परमिट देताना आम्ही फीडरचं नाव पूर्ण लिहायचो, नंबरही लिहायचो आणि फोनवर समोरच्याकडून परत म्हणवून घ्यायचो. घेणाऱ्याने विचारायला काय झालं होतं, असं म्हणून आमच्यापैकी कोणी सुटला नसता. या मुद्द्यावर आपल्या प्रतिक्रियेत अवाक्षर नाही. सगळा दोष घरच्यांचा, कारण घरचे समोर आहेत आणि ब्लॉग लिहितात.

‘निवृत्त माणसांना वेळ असतो’ याला उत्तर देत नाही. आपण लेख शेवटपर्यंत वाचलात, फेब्रुवारीचे शंभर रुपयेही मोजलेत, म्हणजे वेळ आपल्याकडेही आहे.

पुन्हा लिहावंसं वाटलं तर जरूर लिहा, पूर्ण नावाने लिहिलंत तर जास्त बरं. लेखात २४००चे २५०० केले आहेत आणि पी. टी. उषाचं एक वाक्य घातलं आहे. बाकी काही बदललेलं नाही.