तारीख सांगायला चुंबक कशाला?

लेकीच्या लग्नाची तारीख नातेवाइकांना कळवायची, एवढंच काम. पंधरा दिवस झाले, घरात फक्त तारीख छापून फ्रिजवर चिकटवायला वाटायच्या त्या मॅग्नेटचीच चर्चा! गोल की चौकोनी? चकचकीत की मॅट? फोटो गुहागरच्या किनाऱ्यावरचा की माडांतला? अरे, पण काकूच्या फ्रिजला काचेचं दार आहे, त्यावर चिकटणार कसं? मामाचा स्टीलचा, कित्येक स्टीलच्या दारांना चुंबक धरतच नाही. आणि नमुना म्हणून आलेलं ते पातळ रबरी चुंबक आमच्याच दारावरून दोनदा घसरून पडलं. असली आणखी दोनशे छापायची?

खरी घाई कुठे आहे, ते कुणी बघतच नाही! कोकण रेल्वेचं आरक्षण ६० दिवस आधी उघडतं आणि मे महिन्यात बघता बघता भरतं. मुंबईकरांना तारीख आत्ता हवी आहे. मॅग्नेट छापून येईस्तोवर थांबून मग त्यांनी काय उभ्याने यायचं? पहिली पत्रिका गुहागरच्या देवळात व्याडेश्वरापुढे ठेवायची असते, ती अजून लिहूनसुद्धा झालेली नाही.

फोन उचला आणि सांगा ना, "लग्न ठरलंय, या!" आत्याला तुमचा आवाज ऐकायचाय. मी आजच लावतेय तिला फोन.