घोडा लंगडा करणारा निवडुंग म्हणजे पाण्याची टाकी नव्हे

गेले काही महिने बागकामाच्या गटांमधून एक फोटो फिरतो आहे. जमिनीला चिकटून बसलेला चपटा निवडुंग, जाड वाकडे काटे, माथ्यावर झालरीसारख्या पाकळ्यांचं गुलाबी फूल. खाली मजकूर: "हा वाळवंटातला गोल्डन बॅरल. याच्या पोटात गोड पाणी साठलेलं असतं, वाटसरू तो कापून तहान भागवतात. घरी नुसत्या वाळूत लावा, पाणी घालायची गरज नाही. संगणकाशेजारी ठेवल्यास किरणं शोषतो, रात्री प्राणवायू देतो. याचं बी रुजत नाही, म्हणून मोठं रोपच मागवा."

माझ्याकडे तो चारदा आला. चौथ्यांदा मामींकडून, आणि त्यांनी खाली विचारलं होतं, "आपल्या बांधावरच्या निवडुंगातही पाणी असेल का रे?" त्या प्रश्नाने मी घाबरलो, म्हणून हे सविस्तर लिहितो आहे.

आधी नाव. फोटोतलं झाड गोल्डन बॅरल नाहीच. गोल्डन बॅरल मेक्सिकोतल्या केरेतारो आणि हिदाल्गो भागातला. तो चेंडूसारखा गोल, सोनेरी काट्यांनी गच्च भरलेला असतो, आणि त्याची फुलं पिवळी असतात. फोटोत आहे तो एकायनोकॅक्टस टेक्सेन्सिस. होप्फर यांनी १८४२ मध्ये त्याला हे नाव दिलं. १९२२ मध्ये ब्रिटन आणि रोझ या अमेरिकी वनस्पतिशास्त्रज्ञांनी त्याला 'होमालोसेफाला' या वेगळ्या प्रजातीत घातलं, आणि अलीकडच्या जनुकीय अभ्यासानंतर ते नाव पुन्हा वापरात आलं आहे. त्याचा अर्थच 'सपाट डोकं'. टेक्सास, न्यू मेक्सिकोचा आग्नेय भाग, ओक्लाहोमाचा नैऋत्य कोपरा आणि ईशान्य मेक्सिको हे त्याचं घर. तिकडे इंग्रजीत त्याला हॉर्स क्रिपलर म्हणतात, स्पॅनिशमध्ये मांकाकाबायो. दोन्हींचा अर्थ एकच, घोड्याला लंगडं करणारा. कोरड्या दिवसांत हे झाड आकसून जवळजवळ जमिनीच्या पातळीला येतं आणि गवतात दिसेनासं होतं. घोड्याचा पाय पडला की काटा खुरात घुसतो. भावाकडे टेक्सासला गेलो होतो तेव्हा एका कुरणात गाडीतून उतरताच तिथल्या माणसाने पहिली सूचना दिली ती पायाखाली बघून चालण्याची. पुढचा अर्धा तास मी मान वर केली नाही, आणि तरीही पहिलं झाड मला दिसलं नाही, त्यानेच दाखवलं.

ओळखायचं कसं? अंग ताटलीसारखं, फार तर फूटभर रुंद, उंची त्याच्या निम्मी किंवा त्याहूनही कमी. कंगोरे धारदार, साधारण १३ ते २७. प्रत्येक पुंजक्यात एक मधला काटा बाकीच्यांपेक्षा जाड, चपटा आणि खाली वाकलेला. त्यावरून जपून बोट फिरवलं तर आडव्या कडा हाताला लागतात. वसंतात गुलाबी किंवा फिकट केशरी फूल, पाकळ्यांच्या कडा पिसासारख्या फाटलेल्या, गळा लाल. मग लालभडक गरदार फळ. याच्याशी सर्वात जास्त गल्लत होते ती एकायनोकॅक्टस होरायझोन्थॅलोनियसची. तोही ठेंगणा, पण निळसर राखाडी, कंगोरे बहुधा आठच आणि गोलसर, आणि फळ कोरडं, माथ्यावरच्या लोकरीत दडलेलं. फळ दिसलं की शंका उरत नाही.

आता पाणी. या झाडाच्या आत पोकळी नसते, टाकी नसते. कापल्यावर दिसतो तो ओलसर गर. पाणी पेशींमध्ये चिकट द्रवाने धरून ठेवलेलं असतं. भेंडी चिरताना तार सुटते किंवा कोरफडीचा गर हाताला बुळबुळीत लागतो, तसलाच हा प्रकार. त्या चिकटपणामुळेच झाड पाणी सहजासहजी गमावत नाही, आणि त्यामुळेच आपल्यालाही ते पिळून घेता येत नाही. शिवाय निवडुंगांच्या गरात अळूत असतं तेच ऑक्झलेट असतं. अळू कच्चं राहिलं की घसा का खवखवतो हे आपल्याकडे कोणाला सांगायला नको. चिंच घालायची पद्धत त्यासाठीच. अनेक निवडुंगांत अल्कलॉइड ही अपायकारक ठरू शकणारी द्रव्यंही असतात. तहानेने व्याकूळ झालेल्या माणसाने हा गर चोखला तर मळमळ, उलटी, जुलाब होऊ शकतात, आणि उलटी-जुलाबात शरीरातलं उरलंसुरलं पाणी जातं. म्हणजे सल्ला निरुपयोगी आहे एवढंच नव्हे, तो जिवावर बेतू शकतो.

निवडुंगातून तहान भागवण्याच्या गोष्टीला थोडा आधार आहे, तोही सांगतो. मेक्सिकोतल्या सोनोरामधले सेरी लोक अडचणीच्या वेळी फेरोकॅक्टस विस्लिझेनी या उंच बॅरल निवडुंगाचा रस पीत. पण शेजारी उभा असलेला, तसाच दिसणारा कोणता टाळायचा, हेही त्यांना ठाऊक होतं. ते ज्ञान त्या भूमीत पिढ्यान् पिढ्या राहून आलेलं आहे. फोटो बघून ते येत नाही. 'गोड' कुठून आलं याचाही मला अंदाज आहे. मेक्सिकोत बिझनागा निवडुंगाच्या गराचे तुकडे पाकात मुरवून आसित्रोन नावाची मिठाई करत, आपल्या कोहळ्याच्या पेठ्यासारखी. टेक्सासच्या या झाडालाही कँडी कॅक्टस असं एक नाव आहे. गोडवा साखरेचा होता, झाडाचा नव्हे. आणि ज्या बिझनागापासून आसित्रोन होई, त्याला आता मेक्सिकोत कायद्याने संरक्षण आहे, कारण मिठाईपायी शंभरेक वर्षं वयाची झाडं कापली जात होती.

मामी, तुमच्या प्रश्नाचं उत्तर इथेच देतो. बांधावरचा त्रिधारी निवडुंग हा कॅक्टस नाहीच, तो युफोर्बिया नावाच्या वेगळ्याच गटातला. कापला की पांढरा चीक येतो. तो कातडीला झोंबतो, डोळ्यात गेला तर नजरेला इजा होते. पोटात तर अजिबात जाऊ देऊ नये. डोळ्यात उडालाच तर भरपूर पाण्याने बराच वेळ डोळा धुवायचा आणि तडक डॉक्टरकडे जायचं. फड्या निवडुंग मात्र खरा कॅक्टस, अमेरिकेतून आलेला. त्याची लाल बोंडं कुसळं काढून लोक खातात. फरक असा लक्षात ठेवा: खऱ्या कॅक्टसचे काटे लोकरीच्या बारीक उशीतून उगवतात, युफोर्बियाला ती उशी नसते, चीक असतो.

"पाणी घालायची गरज नाही." टेक्सासमधल्या सॅन अँटोनियोला वर्षाला सुमारे ८०० मिलिमीटर पाऊस पडतो. पुण्यातही जवळपास तेवढाच. टेक्सासच्याच पश्चिमेला मिडलंडला त्याच्या निम्माच पडतो, आणि हे झाड दोन्हीकडे वाढतं. म्हणजे त्याला पाणी हवं असतं. फरक वाटपाचा आहे. तिकडे पाऊस वसंताच्या शेवटी आणि शरदाच्या सुरुवातीला जोर धरतो, मधे कडक ऊन पडतं आणि मुळं वाळतात. आपल्याकडे बहुतेक सगळा पाऊस चार महिन्यांत, तोही ढगाळ आभाळाखाली. माझी पहिली दोन रोपं जुलैत गेली. वरून ठणठणीत दिसत होती, हात लावला तर बुंधा मऊ. म्हणून जूनपासून पारदर्शक पत्र्याखाली ठेवावं, कोकणात तर नक्कीच. मार्च ते मे माती पूर्ण वाळली की तळातून पाणी येईपर्यंत घालावं, पावसाळ्यात आभाळ उघडलं तरच जरासं, आणि थंडीत जवळजवळ बंद.

"नुसत्या वाळूत" हेही तसंच. बारीक वाळू ओली झाली की घट्ट बसते आणि मुळांना हवा मिळत नाही. किनाऱ्यावरच्या वाळूत मीठ असतं. मी विटांचे हरभऱ्याएवढे तुकडे आणि चाळलेली बारीक खडी मिळून तीन भाग घेतो, त्यात एक भाग माती आणि थोडं जुनं गांडूळखत. कुंडी मातीची, पसरट, फार खोल नाही. रोपवाटिकेतून आणलेलं रोप कोकोपीटमध्ये असेल तर ते मुळांवरून पूर्ण झाडून टाकावं, त्याच वेळी पिठ्या ढेकूण आहे का ते पाहावं, आणि आठवडाभर कोरडं ठेवून मग लावावं. सावलीत वाढलेलं रोप एकदम एप्रिलच्या उन्हात ठेवलं तर भाजतं. हे डाग कधीच जात नाहीत.

किरणांबद्दल फार लिहीत नाही. झाड किरणं स्वतःकडे खेचून घेत नाही. त्याच्या अंगावर येतील तेवढीच अडतील, आणि तुमच्या व संगणकाच्या मधोमध निवडुंग ठेवला तर पडदाच दिसणार नाही. रात्रीच्या प्राणवायूच्या गोष्टीत मात्र एक सुंदर सत्य दडलेलं आहे. निवडुंग पाणी वाचवायला आपली रंध्रं रात्री उघडतो आणि कार्बन डायऑक्साइड आत घेऊन आम्लाच्या रूपात साठवतो. पण प्राणवायू पाण्याचं विघटन होऊन सुटतो आणि त्यासाठी उजेड लागतो. अंधारात तो तयार होत नाही.

शेवटचं वाक्य मला सर्वात जास्त खुपतं: "बी रुजत नाही." रुजतं. ताज्या फळातलं काळं, मोठं बी गर धुऊन काढायचं, दिवसभर कोमट पाण्यात भिजवायचं, आणि वर सांगितलेल्याच पण बारीक चाळलेल्या मिश्रणात पेरून कुंडी पारदर्शक पिशवीत बंद करायची. फेब्रुवारी-मार्चची ऊब त्याला मानवते. सगळी एकदम उगवत नाहीत; काही आठवड्यांनी, काही फार उशिरा. वर्षाअखेर रोप वाटाण्याएवढं असतं आणि फुलाला कित्येक वर्षं लागतात. हा वेळ वाचवण्यासाठीच मोठी झाडं रानातून उपटली जातात. २०१५ मध्ये जगभरातल्या निवडुंगांच्या १,४७८ जातींची पाहणी प्रसिद्ध झाली, त्यात ३१ टक्के जाती धोक्यात आढळल्या, आणि रोपं व बिया गोळा करण्याचा हव्यास हे त्यातलं मोठं कारण होतं. जवळजवळ सगळे निवडुंग 'साइट्स' या, धोक्यातल्या प्राणी-वनस्पतींच्या व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या आंतरराष्ट्रीय कराराखाली येतात. सीमेपलीकडून रोप आणायचं तर कागदपत्रं लागतात.

तेव्हा कोणी या निवडुंगाची ताटलीएवढी मोठी रोपं विकायला काढली, बुंधा खरबरीत तपकिरी, अंगावर जुने ओरखडे, मुळं तोडलेली, तर ती घेऊ नका. ते रोप कुठे आणि कधी पेरलं होतं, एवढं विचारा. ज्याने पेरलं असेल तो साल सांगेल.