मुक्काम: एक महिना

ठाणे स्टेशनच्या पश्चिमेला उतरून जांभळी नाक्याकडे निघालं की एका बोळात आमचं लॉज आहे. १८५३ साली बोरीबंदरहून पहिली गाडी ठाण्याला आली, तिचे उतारू इथेच मुक्कामाला असावेत, असं गाद्यांकडे बघून वाटतं. मी इथे नऊ वर्षं राहतो आणि दर एक तारखेला नव्याने येतो.

मालकांना धास्ती, की माणूस सलग राहिला तर भाडेकरू होतो आणि मग त्याला देवही हलवू शकत नाही. म्हणून एक तारखेला बारा वाजता बाडबिस्तारा घेऊन खाली यायचं, चेक-आउटची सही करायची, बाकड्यावर दहा मिनिटं बसायचं आणि परत चेक-इन. रजिस्टरात रकाना असतो ‘कोठून आले’. एकदा मी ‘वरून’ असं लिहिलं, तर मॅनेजर अण्णा भडकले. “साहेब, हे पोलीस बघतात!”

सात नंबरमधले आप्पा कोर्टातून निवृत्त झालेले. त्यांनी मालकांना समजावलं, की १९९९च्या भाडे नियंत्रण कायद्यात लॉजची खोली धरलेलीच नाही. हे लोक शंभर वर्षं राहिले तरी पाहुणेच. मालक खूश झाले. म्हणाले, “म्हणजे आपण करतोय ते बरोबरच आहे!”

बाकी गरम पाणी सहा ते साडेसात, लिफ्ट बंद, पंखा तीनवरच. पावसाळ्याच्या तोंडावर महापालिका धोकादायक इमारतींची यादी काढते, ती आम्ही दहावीच्या निकालासारखी बघतो. सी-१ म्हणजे नापास, पाडा. आम्ही सी-२बी : रिकामी न करता दुरुस्ती. त्यातलं ‘रिकामी न करता’ एवढंच मालकांनी मनावर घेतलंय.

परवा एक तारखेला अण्णा बँकेत गेलेले, काउंटरवर नवीन पोरगा. मी आधार कार्ड पुढे केलं. बँकेच्या पासबुकावरून मोठ्या खटपटीने त्यावर या लॉजचाच पत्ता घालून घेतलाय. पोराने ते उलटसुलट बघितलं.

“काका, हा तर ठाण्याचा पत्ता. लोकल आयडीवर आम्ही रूम देत नाही.”

“अरे, पत्ता इथलाच आहे! बारा नंबर!”

“बारा नंबर आत्ताच खाली झालीय,” तो रजिस्टर बघत म्हणाला. “अण्णा येईपर्यंत बॅग ठेवा इथे. तोवर तलावपाळीला चक्कर मारून या. नवीन माणसाला बघण्यासारखं आहे.”