गप्प झालेलं मूल शांत झालेलं नसतं

“लहानपणी आम्ही रडलो की ‘त्यात काय रडायचं?’ एवढंच ऐकायला मिळायचं. आमचं काही बिघडलं नाही. हल्ली भावना कुरवाळून मुलांना नाजूक करून ठेवलंय.” हा मजकूर मला आतापर्यंत चार जणांनी पाठवलाय. तो मला पटत नाही. त्यामागच्या समजुती एकेक घेऊन का ते सांगते.

‘लक्ष दिलं नाही की भावना आपोआप विरते.’ ग्रॉस आणि लेव्हेन्सन या मानसशास्त्रज्ञांनी १९९३ मध्ये लोकांना किळसवाणी चित्रफीत दाखवली आणि काहींना चेहऱ्यावर काही दिसू देऊ नका, असं बजावलं. त्यांचे चेहरे बऱ्यापैकी कोरे राहिले, पण किळस इतरांइतकीच वाटली आणि शरीरावरचा ताण उलट वाढला. मुलाचं रडणं थांबलं की आपण सुटकेचा श्वास टाकतो. त्याच्या आत मात्र सगळं तसंच चालू असतं.

‘असं वागवल्यानेच माणूस कणखर होतो.’ सगळ्यात जास्त नुकसान या समजुतीने केलंय. मानसशास्त्रज्ञ मार्शा लिनेहान यांचा सिद्धांत सांगतो, की ‘तुला वाटतंय ते चूक आहे’ हे सतत कानावर पडलं की मूल स्वतःच्या जाणिवेवरच संशय घेऊ लागतं. मला खरंच दुखतंय का, हेही ते दुसऱ्यांच्या चेहऱ्याकडे बघून ठरवतं. साध्या शब्दांत सांगून कुणी ऐकत नाही, आकांत केला तरच दखल घेतली जाते, हेही ते शिकतं. मग कधी सगळं गिळणं, कधी एकदम स्फोट. मुळात हळव्या स्वभावाच्या मुलांना याचा फटका जास्त बसतो. एखाद्या वेळी ‘काही नाही होत’ म्हटल्याने हे घडत नाही. रोज तेच ऐकावं लागलं की घडतं.

‘आमचं काही बिघडलं नाही.’ नसेलही, आणि त्याचा आनंदच आहे. पण ज्यांचं बिघडलं ते असले मजकूर लिहीत नाहीत. आणि इतक्या वर्षांनंतरही ‘त्यात काय रडायचं?’ हे वाक्य तुम्हाला शब्दशः आठवतंय.

‘मग काय मुलांचे सगळे हट्ट पुरवायचे?’ हे तर कुणी म्हटलेलंच नाही. भावना मान्य करणं वेगळं, वागणं मान्य करणं वेगळं. “खेळ अर्धवट सोडावा लागला म्हणून राग आलाय ना? येणारच. पण भावाला मारायचं नाही.” एवढं बोलायला दहा सेकंदही लागत नाहीत.